नाष्टा स्वित्झर्लंडात, जेवण जर्मनीत

लातूरला परत आल्यापासून जो भेटतो तो एकच विचारतो, खरंच एका दिवसात चार देश झाले का उगं फेकलालास? झाले. सकाळी झुरिकहून निघालो, ऑस्ट्रिया, जर्मनी, परत ऑस्ट्रिया, मग लिश्टेनश्टाईन आणि रात्री जेवायला परत झुरिकला ताईच्या घरी. पण त्यातलं बघितलं किती असं विचारलं तर उत्तर जरा लांब आहे, म्हणून म्हणलं एकदा लिहूनच टाकावं.

तर ताई आणि दाजी झुरिकला असतात. या उन्हाळ्यात मी, बायको आणि आई-नाना असे चौघं तिकडं गेलो होतो. ताईला त्या आठवड्यात सुट्टी नव्हती आणि आईचे गुडघे, त्यामुळं रेल्वे बदलत बदलत फिरण्यापेक्षा गाईडवाली बस बरी असं दाजींनीच सुचवलं. झुरिकच्या मेन स्टेशनमागं बस टर्मिनल आहे तिथून निघते, माणशी शंभराच्या वर फ्रँक, आणि जेवण आपलं आपण. याचे रुपये किती होतात ते नानांना कळू द्यायचं नाही असं घरात ठरलेलं होतं, पण नाना रिटायर्ड हेडमास्तर, त्यातही गणिताचे. बसमध्ये चढायच्या आधीच गुणाकार झालेला होता आणि आईला बजावून सांगितलं, "झोपायचं न्हाई आज, झोपलीस तर पैसे बुडाले."

आधी व्हिसाचं सांगतो कारण सगळ्यात जास्त फोन त्यासाठीच आले. वेगळा व्हिसा लागत नाही. चारही देश शेंगेनमध्ये आहेत, म्हणजे आपसातल्या हद्दीवर एरवी पासपोर्ट न बघणाऱ्या देशांच्या गटात, आपला जो स्वित्झर्लंडचा शेंगेन व्हिसा असतो तोच सगळीकडं चालतो, सिंगल एन्ट्री असला तरी चालतो कारण तुम्ही शेंगेनच्या बाहेर जातच नाही. गंमत म्हणजे स्वित्झर्लंड युरोपियन युनियनमध्ये नाही आणि लिश्टेनश्टाईन पण नाही, तरी शेंगेनमध्ये दोघंही आहेत, स्वित्झर्लंड २००८ पासून आणि लिश्टेनश्टाईन २०११ पासून. म्हणजे माणूस मोकळा, पण माल मोकळा नाही. हे वाक्य ध्यानात ठेवा, सगळ्या ट्रिपचं इंगित त्यात आहे.

बसमध्ये निम्मे लोक भारतीयच, एक गुजराती ग्रुप, दोन-तीन तमिळ कुटुंबं, बाकी स्पॅनिश बोलणारे. गाईड बाई साठीच्या, आवाज खणखणीत, दर स्टॉपनंतर आमची डोकी मोजायच्या आणि उशीर करणाऱ्याकडं चष्म्यावरून बघायच्या. नानांना त्या बाई जाम आवडल्या, साहजिक आहे, आयुष्यभर सहली नेलेला माणूस.

नानांनी एक वही बरोबर घेतली होती. त्यात ते प्रत्येक बॉर्डर लिहिणार होते, वेळ, जागा, थांबवलं का नाही, काय विचारलं. पहिली बॉर्डर ऱ्हाइन नदीवर, स्वित्झर्लंड संपून ऑस्ट्रिया सुरू. नाना शर्टाचं वरचं बटण लावून, पासपोर्ट हातात घेऊन ताठ बसलेले, आणि बस कस्टमच्या शेडखालून नुसती हळू होऊन निघून गेली. पाच मिनिटांनी नाना म्हणाले, "बॉर्डर कधी येणार?" मी म्हणलं, नाना गेली की मघाशीच, ऑस्ट्रियात आहोत आपण. त्यांचा चेहरा असा पडला की बस. वहीत लिहिलं: "कोणी विचारले नाही."

आता हे एवढं मनाला कामून लावून घ्यायचं असं बायकोला वाटलं, पण मला कारण माहिती होतं. आमचं मूळ गाव कळंबकडचं, म्हणजे १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात. आणि बार्शी इंग्रजांची. आज येरमाळ्यावरून बार्शीला जाताना आपण गाडीत गप्पा मारत निघून जातो, पण आमच्या आजोबांच्या वेळी मधी नाका होता, करोडगिरीचा. तिकडून माल आणला की त्यावर निजामाची जकात. पैसे पण वेगळे, इकडं निजामाचा हाली सिक्का, तिकडं इंग्रजांचा कलदार रुपया, सात हाली दिले की सहा कलदार यायचे. पोस्टाची तिकिटं पण निजामाची वेगळी. आजोबा लग्नाचा बस्ता बांधायला बैलगाडीनं बार्शीला गेले होते कारण तिकडं कापड स्वस्त आणि चांगलं, आणि येताना लुगडी कडब्याच्या पेंढ्यांत घालून आणली. नाक्यावरच्या शिपायानं पेंढ्यांत काठी खुपसून बघितलं, ती लुगड्याला लागली नाही म्हणून वाचले. ही गोष्ट नानांनी त्यांच्या वडलांकडून शंभरदा ऐकलेली आणि आम्ही नानांकडून दोनशेदा. सप्टेंबर ४८ ला पोलीस ॲक्शन झाली, १७ तारखेला निजाम शरण आला, आणि पुढं काही वर्षांत तो नाका पण गेला. दरवर्षी मुक्तिसंग्राम दिनाला शाळेत भाषण करताना नाना बाकी सगळ्यांबरोबर त्या शिपायाच्या काठीचं पण सांगायचेच.

त्यामुळं बॉर्डर म्हणजे काठी खुपसणारा शिपाई हे डोक्यात पक्कं, आणि इथं एक माणूस बाहेर उभा होता तो पण कॉफी पित.

ब्रेगेन्झ, हे ऑस्ट्रियाचं गाव, तिथं आम्ही जेमतेम पाऊण तास. बोडेनझे नावाच्या मोठ्या तळ्यातच बांधलेलं स्टेज बघितलं, काठावर सात हजाराच्या आसपास माणसं बसतील एवढ्या खुर्च्या. १९४६ ला, महायुद्ध नुकतंच संपलेलं, तेव्हा धड थेटर नव्हतं म्हणून दोन तराफ्यांवर इथला नाटक-संगीताचा महोत्सव सुरू केला, एकावर नाटक दुसऱ्यावर वाजवणारे, असं गाईड बाई सांगत होत्या. सेटचं काम चालू होतं आणि मी आपला खाली पाण्यातल्या खांबांकडं बघत बसलो, धंदाच बांधकामाचा आहे त्याला काय करणार.

खरी मजा आली ऑस्ट्रियातून जर्मनीत जाताना. इथं बस थांबवली. जर्मनीनं सप्टेंबर २०२४ पासून सगळ्याच जमिनीवरच्या हद्दींवर तात्पुरती तपासणी लावलीय, ऑस्ट्रियाच्या बाजूनं तर २०१५ पासूनच आहे, निर्वासित आले तेव्हापासून. दोन पोलीस वर चढले, एक तरुण पोरगी आणि एक दाढीवाला. सगळी बस चिडीचूप. गुजराती काका हातातला खाकरा तसाच धरून. आणि आमचे नाना? एकदम खुलले. पासपोर्ट दोन्ही हातांनी पुढं केला, "गुड मॉर्निंग मॅडम" म्हणाले, तिनं व्हिसाचं पान बघितलं, एकदा तोंडाकडं बघितलं, थँक्यू म्हणून परत दिला. वहीत अर्धं पान भरलं. खाली अधोरेखित केलेलं: "तपासणी शिस्तीत."

लिंडाऊ हे गाव म्हणजे जुना भाग अख्खा बेटावर, पुलावरून आत जायचं. बंदराच्या तोंडाशी एका बाजूला १८५६ चं दीपगृह आणि दुसऱ्या बाजूला दगडाचा सहा मीटर उंच सिंह, तळ्याकडं तोंड करून बसलेला. १९५१ पासून नोबेल मिळालेले शास्त्रज्ञ दर उन्हाळ्यात इथं तरुण संशोधकांना भेटायला येतात. हे ऐकल्यावर नानांनी मला उगीचच एकदा वरून खालपर्यंत बघितलं, बारावीला मी फिजिक्समध्ये काय दिवे लावले ते त्यांना आठवलं असणार. ताईनं करून दिलेले धपाटे आणि शेंगाची चटणी आम्ही बंदरावरच्या बाकावर बसून खाल्ली. शेजारच्या जर्मन आजोबांना आईनं अर्धा धपाटा दिला, त्यांनी खाल्ला, लाल झाले, पण सगळा संपवला.

ते बोडेनझे तळं ५३६ चौरस किलोमीटर. तीन देशांच्या मधी आहे आणि मोठ्या भागात हद्द कुठून जाते हे आजपर्यंत ठरलेलंच नाही. स्वित्झर्लंड म्हणतं मधोमध, ऑस्ट्रिया म्हणतं तळं सगळ्यांचं सामाईक, जर्मनीनं ठाम काही म्हणलेलंच नाही. आणि यावरून भांडण नाही! आपल्याकडं बांध एक हात सरकला तर तीन पिढ्या कोर्टात. शिवाय याच तळ्यातलं पाणी पाईपनं पार स्टुटगार्टपर्यंत जातं, चाळीस लाखाच्या आसपास लोक पितात. हे गाईड बाईंनी सहज सांगितलं आणि त्या पुढं गेल्या, पण आम्ही लातूरची माणसं, २०१६ ला मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं तेव्हा घागरी घेऊन उभे राहिलेलो, आमचा पाय तिथून निघंना. आई म्हणाली, "एवढं पाणी अन् कुणी भांडलालंय का बग." एवढंच म्हणाली.

आता मालाची गोष्ट. ताईनं यादी दिली होती, शाम्पू, टूथपेस्ट, पोरासाठी डायपर, सगळं जर्मनीतून आणा म्हणून. स्वित्झर्लंडात सगळं महाग, त्यामुळं तिकडचे लोक शनिवारी गाड्या काढून जर्मनीत बाजार करायला जातात, आणि युरोपियन युनियनच्या बाहेर राहणारा म्हणून जर्मनीचा व्हॅट परत मिळतो, एका बिलाचे पन्नास युरोच्या वर झाले पाहिजेत आणि कागदावर जर्मन कस्टमचा शिक्का पाहिजे. स्वित्झर्लंडनं पण हात आखडता घेतलाय, आधी माणशी तीनशे फ्रँकपर्यंतचा माल आणला तरी टॅक्स नव्हता, २०२५ च्या जानेवारीपासून दीडशेच. मटण-चिकन माणशी एक किलो, त्याच्या वर ड्युटी. मी हे सगळं नानांना समजावून सांगितलं, ते दोन मिनिटं गप्प बसले आणि मग एवढ्या मोठ्यानं हसले की शेजारचे बघायला लागले. "म्हणजे ही बी बार्शीच की रे!"

त्यानंतर दिवसभर त्यांचा मूडच बदलला. परत ऑस्ट्रियात आलो तेव्हा कुणी विचारलं नाही, त्याचं पण त्यांना काही वाटलं नाही. पुढं फेल्डकिर्शवरून लिश्टेनश्टाईनमध्ये शिरायच्या जागी ट्रकांची ही मोठी लाईन. आणि तिथं कस्टमला उभे असतात ते स्विस! देश लिश्टेनश्टाईन, हद्द ऑस्ट्रियाशी, आणि नाका चालवतं स्वित्झर्लंड. १९२३ साली दोघांचा करार झाला तेव्हापासून कस्टम एकच, पैसा पण फ्रँकच. स्वतःचं सैन्य १८६८ ला मोडून टाकलंय. २००७ ला स्विस सैन्याची एक तुकडी रात्री पावसात सराव करताना वाट चुकून लिश्टेनश्टाईनमध्ये घुसली, दीडशेच्या वर माणसं बंदुकांसकट, आणि इकडं कुणाला पत्ता पण नाही, स्विस लोकांनीच नंतर कळवून माफी मागितली.

देश केवढा तर १६० चौरस किलोमीटर, आपला एक तालुका पण एवढा लहान नसतो, आणि लोक चाळीस हजार, लातूर शहराच्या दहाव्या हिश्शाएवढे. राजा डोंगरावरच्या किल्ल्यात राहतो, खालून दिसतो किल्ला, आत सोडत नाहीत. या घराण्यानं ही जागा चक्क विकत घेतली, एक तुकडा १६९९ ला आणि दुसरा १७१२ ला, ते पण सम्राटाच्या दरबारात बसायला जागा मिळावी म्हणून, आणि मग दोनशे वर्षं राजे राहायला आलेच नाहीत, व्हिएन्नात राहायचे. राहायला पहिला राजा आला तो १९३८ ला. प्लॉट घेऊन ठेवायचा आणि बांधकाम पुढच्या पिढीनं करायचं, असली गिऱ्हाइकं मी पण बघितलीत.

पण मला वैयक्तिक विचाराल तर अख्ख्या दिवसातला सगळ्यात भारी क्षण शान गावात आला. खिडकीतून बघतोय तर लाल बोर्ड, हिल्टी! आपल्या साईटवर स्लॅब फोडायला जी मशीन लागते ती हिल्टी, १९४१ ला इथंच सुरू झालेली कंपनी. आम्ही कुठल्याही कंपनीच्या मशीनला हिल्टीच म्हणतो, "ए हिल्टी आन रे" असं मी रोज वरडतो, आणि ती या एवढ्याशा गावातली. मी बसमध्ये उभाच राहिलो. फोटो काढून मिस्त्रीला पाठवला, त्याचा लगेच रिप्लाय, "सर एक घिऊन या."

वाडुझ, ही लिश्टेनश्टाईनची राजधानी, तिथं टुरिस्ट ऑफिसात थोडे फ्रँक घेऊन पासपोर्टवर लिश्टेनश्टाईनचा शिक्का मारून देतात. लाईन लावून लोक मारून घेत होते. नानांना पाहिजेच होता, ताईनं फोनवरून सक्त मनाई केली, कारण तो काही इमिग्रेशनचा शिक्का नाही, हौसेचा आहे, आणि सरकारी पासपोर्टावर हौस करू नये. शेवटी पोस्टकार्डावर मारून घेतला. माझं पण मत हेच, पासपोर्ट कोरा ठेवा, पुढं कुठल्या काउंटरवर कोण काय विचारेल सांगता येत नाही. तिथंच कळलं की यांचा राष्ट्रीय दिवस पण १५ ऑगस्ट. नानांनी त्या काउंटरवरच्या पोरीला "सेम, सेम, इंडिया सेम" म्हणून हात मिळवला, तिला काय समजलं देव जाणे पण तिनं एक पेन फुकट दिला.

परत येताना ऱ्हाइनचा पूल ओलांडला की स्वित्झर्लंड, तिथं तर शेड पण नाही. आई तेव्हा घोरत होती आणि नानांनी तिला उठवलं नाही.

आता जावं का नाही? गावं बघायची असतील तर या बसच्या नादाला लागू नका, तासाभरात कुठलंच गाव कळत नाही, आणि त्यातला पाव तास बाथरूमच्या लाईनीत जातो, तिथं पण युरोची नाणी लागतात. लिंडाऊला झुरिकहून रेल्वेनं जाऊन अख्खा दिवस काढा. पण म्हातारी माणसं बरोबर असतील, चालणं कमी पाहिजे असेल, किंवा आमच्या नानांसारखं हद्द म्हणजे काय तेच बघायचं असेल तर एक दिवस घालवायला हरकत नाही. वाडुझजवळ ऱ्हाइनवर १९०१ चा लाकडी झाकलेला पूल आहे, पलीकडं स्वित्झर्लंडचं सेव्हेलन, चालत देश बदलता येतो. बस तिथं थांबत नाही, ताईला सुट्टी मिळाली तेव्हा आम्ही तिच्याबरोबर परत गेलो फक्त त्यासाठी.

आणि पासपोर्ट ओरिजिनलच जवळ ठेवा, झेरॉक्स चालत नाही. नानांनी चौघांच्या पासपोर्टच्या झेरॉक्स लातूरहूनच आणल्या होत्या, प्रत्येकीवर "सत्यप्रत" असा शिक्का मारून खाली स्वतःचीच सही, मुख्याध्यापक म्हणून. रिटायर होऊन किती वर्षं झाली आणि शिक्का घरी कसा राहिला हे आम्ही विचारलं नाही. त्या जर्मन पोरीला त्यांनी ओरिजिनलबरोबर ती पण दिली होती, तिनं उलटीसुलटी करून बघितली आणि अगदी आदबीनं परत केली.