बाबांचं लायसन्स आणि तो फॉर्म 1ए

गेल्या गणेश चवथीला मी गोव्यात साखळीला माहेरी गेले होते. आदल्या दिवशी बाबा माटोळीचं, म्हणजे गणपतीच्या वर टांगायच्या फळांच्या सजावटीचं सामान घेऊन स्कूटरवरून आले, आंबाडे, कांगलां, सुपारीचा घोस, सगळं पायाशी कोंबलेलं, आणि वाटेत पावसाने असं गाठलं की खिशातलं पाकीटसुद्धा भिजून लगदा झालेलं. आईने पाकिटातलं एकेक काढून पंख्याखाली पेपरवर पसरलं, मी नोटा सुट्या करत बसले आणि हाताला लायसन्स लागलं. सहज तारीख बघितली तर जूनमध्येच संपलेलं! म्हणजे दोन महिने बाबा तसेच फिरत होते, कुळागरात (आमच्या बागेत), डिचोलीला बँकेत, बाजाराला, सगळीकडे.

बाबांना सांगितलं तर म्हणाले, "एक म्हयनो चलता गो, आतां चवथ जांव दी."

पूर्वी चालायचं, हे खरं आहे. मुदत संपली तरी पुढचे 30 दिवस लायसन्स चालू धरायचे. पण 1 सप्टेंबर 2019 पासून मोटार वाहन कायद्यातल्या दुरुस्त्या लागू झाल्या त्यात ते 30 दिवस गेले, आता तारीख संपली की संपली, आणि लायसन्स नसताना गाडी चालवली तर दंड 5000 रुपये. दंडाचं एकवेळ सोडा, पण कुणाला धक्का लागला, कुणी पडलं, तर इन्शुरन्सवाले पहिलं लायसन्सच मागणार, माझ्या डोक्यात तेच आलं आणि पोटात गोळा आला. त्याच दुरुस्तीत एक सोय पण झालीय. रिन्यूसाठी तारखेच्या आधी एक वर्ष आणि तारखेनंतर एक वर्ष अर्ज करता येतो. फक्त त्या नंतरच्या वर्षात अर्ज चालतो, गाडी चालत नाही, आणि हा फरक आमच्या गावात निम्म्या लोकांना माहीत नाही. ते वर्षही गेलं तर परत टेस्ट द्यावी लागते.

मग मी माझं काढून बघितलं. 2005 साली काढलेलं, तेव्हा 20 वर्षांचं मिळायचं, म्हणजे नोव्हेंबर 2025. बरं झालं बघितलं, नाहीतर मीपण तशीच फिरले असते. त्यामुळे दोघांचं एकदमच करायला घेतलं आणि त्यातून जे कळलं ते इथे लिहून ठेवतेय, कुणाच्या तरी आईबाबांच्या कामाला येईल.

ऑनलाईनचा भाग खरंच सोपा आहे. परिवहनची सारथी नावाची साईट, पत्त्याच्या शेवटी गव्ह डॉट इन आहे ना ते नीट बघून घ्या कारण सर्च केलं की तशाच दिसणाऱ्या दुसऱ्या साईटी वर येतात. राज्य गोवा निवडायचं, ड्रायव्हिंग लायसन्सच्या सर्व्हिसेसमध्ये जायचं, नंबर आणि जन्मतारीख टाकायची. नंबर टाकताना एक लक्षात ठेवा, जीए, मग आरटीओ ऑफिसचा कोड (आमचा डिचोलीचा 04), मग वर्ष, मग सात आकडे. जुन्या कार्डावर नंबर आखूड दिसत असेल तर मध्ये शून्यं भरायची असतात. आणि एकदम जुनं पुस्तकवालं लायसन्स असेल तर ते ऑनलाईन सापडणारच नाही कदाचित, त्याची आधी ऑफिसात बॅकलॉग एन्ट्री, म्हणजे जुनी नोंद कॉम्प्युटरवर चढवून घ्यावी लागते. माझ्या लायसन्सला वीस वर्षांपूर्वीचा, कधीच बंद झालेला मोबाईल नंबर होता, ओटीपी त्याच्यावर जाणार म्हटल्यावर आधी तिथेच नंबर अपडेट केला. फी म्हणाल तर नियमात वेळेत केलेल्या रिन्यूचे 200 आणि स्मार्ट कार्डाचे 200. पैसे भरताना माझं नेट गेलं, बँकेतून कापले गेले पण पावती नाही, हात थंडच पडले. अशा वेळी परत भरू नका, साईटवर पेमेंट स्टेटस तपासायचं ऑप्शन आहे, दुसऱ्या दिवशी तिथूनच पावती आली.

खरी अडचण झाली नावांची, आणि ती आपल्या गोव्याची खास आहे असं मला वाटतं.

आधारने ओळख पटवली तर ऑफिसात जायची गरजच पडत नाही, मार्च 2021 मध्ये केंद्राने अशा 18 सेवा जाहीर केल्या त्यात टेस्ट न लागणारं रिन्युअल आहे. पण त्यासाठी आधारवरचं आणि लायसन्सवरचं नाव जुळायला हवं. माझं लायसन्स माहेरच्या नावाचं आणि आधार सासरच्या. माझं त्यातल्या त्यात सोपं, कारण आपल्याकडे लग्नाआधी सिव्हिल रजिस्ट्रारकडे दोनदा जाऊन सह्या कराव्याच लागतात त्यामुळे लग्नाचा दाखला घरात असतोच. बाबांचं बघा. बाबांचा जन्म 1960 चा, म्हणजे मुक्तीच्या आधीचा, जन्मदाखला पोर्तुगीजमध्ये. त्यात शंकर एक्सने सुरू होतो. गावकरमध्ये के नाही, सी आहे. लायसन्स काढताना त्या दाखल्यावरून जसंच्या तसं उतरवलं, आधार काढताना समोरच्या मुलाने विचारलं नाव काय आणि ऐकून टाईप केलं. डिचोलीचं कागदावर बिचोलीम होतं, साखळीचं सांकेलीम, त्याची आपल्याला एवढी सवय झालीय की काही वाटत नाही, पण कॉम्प्युटरला एक्सवाला शंकर आणि एसवाला शंकर ही दोन माणसं वाटतात. शेवटी दोन्ही नावं एकाच माणसाची असं ॲफिडेव्हिट केलं आणि कागद घेऊन ऑफिसात गेलो. खिडकीवरच्या बाईंनी तो पिवळा पडलेला जन्मदाखला दोन्ही हातांनी अलगद उघडला, वाचला आणि म्हणाल्या माझ्या वडिलांचं पण असंच आहे. कुणाच्या घरी असं असेल तर लायसन्स संपायची वाट बघू नका, ही नावं आधीच एकसारखी करून घ्या, त्याला वेळ लागतो.

आणि आता तो फॉर्म 1ए, ज्याच्यासाठी खरं तर मी हे सगळं लिहायला बसले.

वय 40 च्या आत असेल तर फॉर्म 1 म्हणजे आपलं आपणच लिहून द्यायचं की मी धडधाकट आहे. 40 पूर्ण झाली की डॉक्टरचं सर्टिफिकेट लागतं, तो 1ए. मी पण आता 40 ची, म्हणजे दोघांनाही तो लागणार. बाजारात एका ठिकाणी झेरॉक्स काढायला गेले तर तिथला माणूस म्हणाला ताई 500 द्या, शिक्का मारून सही करून आणून देतो, काकांना कशाला त्रास. मला क्षणभर बरं वाटलं होतं, खोटं कशाला सांगू, एक फेरी वाचली असती. पण फॉर्म हातात होता तो मी तिथेच उभ्याउभ्या वाचला. साधेच प्रश्न आहेत. चांगल्या उजेडात 25 मीटरवरून गाडीची नंबर प्लेट वाचता येते का, रंग ओळखता येतात का, रात्री दिसायला त्रास होतो का, ऐकू नीट येतं का. आणि मला एकदम आठवलं की आई मागच्या वर्षभर म्हणतेय, हल्ली हे रात्री स्कूटर फार हळू चालवतात, समोरून गाडी आली की थांबूनच राहतात. आम्ही सगळे म्हणायचो वय झालं, सांभाळून चालवतात, चांगलंय की.

आमच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी बाबांना दवाखान्याच्या व्हरांड्यात आणलं, बीपी बघितलं, मग रस्त्याच्या पलीकडे बोट दाखवून म्हणाले काका ती स्कूटर दिसते, तिचा नंबर वाचा. बाबांनी धडाधड सगळा नंबर सांगितला. मी खूश. डॉक्टर हसले आणि म्हणाले काका ती फार्मसीवाल्याची स्कूटर आहे, तुम्ही रोज बघता, ती सोडा. तेवढ्यात एक टुरिस्ट जोडपं पाणी घ्यायला थांबलं होतं, भाड्याची बाईक, काळी प्लेट आणि पिवळी अक्षरं. डॉक्टर म्हणाले ती वाचा.

बाबा गप्प. डोळे बारीक केले, मान पुढे काढली, एक पायरी उतरले. "जीए..." म्हणाले आणि थांबले. मग माझ्याकडे न बघता म्हणाले, "म्हाका दिसता गो, पूण अक्षरां भरसतात."

मला त्या क्षणी रडूच आलं. हा माणूस चाळीस वर्षं गाडी चालवतोय, मला आणि भावाला शाळेत सोडायचे, पावसात आईला बांबोळीला हॉस्पिटलात घेऊन गेलेले, आणि वर्षभर असेल त्यांना समोरचं पुसट दिसत होतं आणि त्यांनी कुणाला सांगितलं नाही, का तर गाडी काढून घेतील. आमच्या वाड्यावर संध्याकाळची एक बस चुकली की दुसरी नाही, कुळागर तीन किलोमीटरवर, स्कूटर गेली म्हणजे त्यांचं सगळंच गेलं, ते कसे सांगणार. डॉक्टरांनी सही केली नाही. अगदी आदराने म्हणाले, काका हे मोतीबिंदूसारखं वाटतंय, डोळ्यांच्या डॉक्टरांना दाखवा, करून या, मग मीच सही करतो, अजून जूनपर्यंत वेळ आहे तुमच्याकडे. घरी येताना बाबांनी चावी स्वतःहून माझ्या हातात दिली आणि मागे बसले.

तपासलं तर डाव्या डोळ्यात बराच पिकलेला, उजव्यात सुरुवात. दिवाळीनंतर डाव्याचं ऑपरेशन झालं. मधले तीन महिने भाऊ आणि शेजारचा एक मुलगा आळीपाळीने बाबांना कुळागरात सोडायचे, बाबांना ते अजिबात आवडायचं नाही पण त्यांनी एकदासुद्धा चावी मागितली नाही.

म्हणून कळकळीने सांगते, बाकी सगळं घरी बसून मोबाईलवर करा, खुशाल करा, फेऱ्या वाचतात, दिवस वाचतो, पण तो 1ए शिक्का मारून आणू नका. आईबाबांना घेऊन जा आणि स्वतः बाजूला उभे राहा. आपल्या इथले रस्ते बघा, वळणावळणाचे, अरुंद, रात्री मधोमध गुरं बसलेली, पावसात पांढरा पट्टासुद्धा दिसत नाही. मी 500 रुपये दिले असते तर बाबांना पुढची पाच वर्षं कुणी विचारलंच नसतं, कारण 55 च्या पुढच्यांना एकदम पाच वर्षांचं मिळतं. मला 10 वर्षांचं मिळालं, 2035 पर्यंत, माझे पण डोळे डॉक्टरांनी तसेच व्हरांड्यातून तपासले. 30 ते 50 मधल्यांना आता 10 च मिळतं, पूर्वीसारखं 20 नाही, आणि मला ते योग्यच वाटतं.

माझं कार्ड हातात यायच्या आधी डिजिलॉकरमध्ये दिसायला लागलं, ते कायद्याने चालतं, पोलिसांना मोबाईलवर दाखवलं तरी पुरे. बाबांना मात्र कार्ड हातात हवं.

डिसेंबरच्या शेवटी परत त्याच व्हरांड्यात गेलो. टुरिस्टांचा सीझन, रस्त्यावर काळ्या प्लेटच्या दोन-दोन बाईक उभ्या. डॉक्टरांनी विचारायच्या आधीच बाबांनी पहिलीचा नंबर वाचला, मग दुसरीचा, मग पलीकडच्या दुकानाच्या पाटीवरची सगळ्यात खालची बारीक ओळ. डॉक्टर आत जाऊन पेन घेऊन आले.

आता बाबा स्कूटर घेऊन जातात पण दिवेलागणीच्या आधी घरी. हे त्यांनीच ठरवलंय, उजव्या डोळ्याचं होईपर्यंत.