चांगल्या चेटकिणी होत्या का? तुम्ही विचारलंत म्हणून

युरोपातल्या चेटकीण-खटल्यांवर बोलायला उभी राहिले की शेवटी एक हात वर येतोच. “पण चांगल्या चेटकिणीही होत्या ना? त्यांच्याबद्दल का नाही बोलत?” अहो, बोलते की. तुम्हाला हवं तसं गोड बोलत नाही, एवढंच.

होत्या. चोरीला गेलेला माल कुठे आहे ते सांगणाऱ्या, ताप उतरवणाऱ्या, करणी उलटवणाऱ्या बायका होत्या, पुरुषही होते. इटलीतल्या फ्रिउलीत 16व्या शतकात काही शेतकरी सांगायचे, की आमचा आत्मा रात्री देह सोडून बडीशेपेच्या काड्या घेऊन चेटकिणींशी लढायला जातो. आम्ही जिंकलो की पीक चांगलं. पुढे धर्मन्यायालयाने त्यांनाच चेटके म्हणायला सुरुवात केली.

मला सांगायचंय ते बेसी डनलॉपचं. स्कॉटलंडमधल्या एअरशायरची बाई, 1576 साली खटला. नुकती बाळंतीण, नवरा आजारी, मूल आजारी, गाय मेलेली. रडत रडत चालली होती, तेव्हा तिला थॉम रीड भेटला. करडी दाढी, करडा कोट, हातात पांढरी काठी. हा थॉम 1547 साली इंग्रजांशी झालेल्या पिंकीच्या लढाईत मेलेला! त्याने सांगितलं, नवरा उठेल, मूल जाईल. मग तो कुंपणाच्या भिंतीतल्या एवढ्याशा भोकातून निघून गेला. माणूस मावणार नाही अशा.

आणखी एक गोष्ट तिने सांगितली. बाळंतपणात एक धिप्पाड बाई घरात आली, बाकावर बसली, प्यायला मागितलं. बेसीने दिलं. ती परीराज्याची राणी होती, हे तिला थॉमकडून नंतर कळलं.

इथे एकदा अख्खं सभागृह हसलं. राणी, आणि प्यायला मागते! मी आवाज चढवला. म्हटलं, ज्या बाईचं मूल जाणार आहे तिच्या घरात कुणीतरी येऊन बसलं, यात तुम्हाला हसू कसलं येतं? आयोजकांना ते आवडलं नाही. मी पुन्हा तसंच बोलेन.

थॉमने सांगितलेल्या औषधांवर बेसी लोकांना बरं करायची. एका खानदानी मुलीला तिने आलं, लवंग, ज्येष्ठमध वगैरे कडक एलमध्ये, म्हणजे एका प्रकारच्या बिअरमध्ये, उकळून दिलं. बिदागी काय, तर मापटंभर पीठ आणि थोडं चीज. तिने कुणाचं वाईट केल्याचा आरोपही मुख्य नव्हता. तरी तिला जाळलं. स्कॉटलंडच्या 1563 च्या कायद्यात भल्या-बुऱ्याचा भेदच नव्हता, चेटूक करणाऱ्याला मरण आणि सल्ला विचारायला जाणाऱ्यालाही. त्याच वर्षीच्या इंग्लंडच्या कायद्यात मंत्राने हरवलेली वस्तू शोधली तर पहिल्यांदा वर्षाची कैद होती, चेटकाने जीव घेतला तर फाशी. तिथेही विल्यम पर्किन्ससारखा धर्मोपदेशक म्हणायचा की भली चेटकीण बुरीपेक्षा जास्त मरणाच्या लायकीची, कारण लोक तिच्याकडे आपल्या पायांनी जातात.

आता तुम्ही म्हणाल, म्हणजे बिचाऱ्या वैदूबायकांनाच जाळलं तर. हे मीही कितीतरी वर्षं ठासून सांगायचे, टाळ्याही मिळायच्या. पण युरोपात मारल्या गेलेल्या चाळीस-साठ हजार माणसांतली बहुतेक औषधं देणारी नव्हतीच; शेजाऱ्यांशी बिनसलेली, गरीब, तोंडाळ म्हणून ठरलेली अशीच जास्त. उलट औषध देणारेच कधीकधी दुसऱ्या बाईकडे बोट दाखवायचे: तुझ्या पोराला हिने केलंय. हे सांगितलं की सभागृह गप्प होतं.

बेसीलाही मी वैदूबाई करून टाकलं होतं. आलं-लवंगेचा काढा, पोटाला बरा, झालं. थॉमला वगळलं की बाई आपल्याला पटण्याजोगी होते. पण ती तसं म्हणत नाही. वनस्पती आपल्याला ओळखता येतात असा तिचा दावाच नाही. ती न्यायाधीशांना सांगते की मला स्वतःहून काही येत नाही, थॉमने सांगितलं तेच केलं. तिचं म्हणणं बाजूला सारून मी तिची बाजू कशी घेऊ? आणि थॉमला जसाच्या तसा ठेवला, तर काढ्याला औषध म्हणू की चेटूक? काही जण म्हणतात, दोन्ही म्हणा. म्हणून पाहिलं. पुढच्या भाषणात पुन्हा थॉमपाशी अडखळले.