मूकपटांनी शिकवलेली डॅनिश

कोपनहेगनला येऊन आठ महिने झाले तरी दुकानातल्या बाईचं एक वाक्य मला धड कळत नव्हतं. डॅनिश लोक लिहितात ते सगळं, बोलताना मात्र निम्मी अक्षरं गिळतात. क्लासमध्ये ऑडिओ लागला की माझ्या पोटात गोळा. शेवटी म्हटलं, आवाजच नको! इथल्या फिल्म इन्स्टिट्यूटने जुने मूकपट ऑनलाइन फुकट ठेवलेत. रोज रात्री एक बघायला लागले.

पृथ्वीच्या गोलावर पांढरं अस्वल दिसलं की समजायचं, ही नॉर्डिस्क. ओले ओल्सेनने १९०६ मध्ये काढलेली कंपनी. दिग्दर्शक लाऊ लाउरित्सेनने तिथे छोटे विनोदी पट धडाधड काढले. माझी रीत अशी: अक्षरांची पाटी येण्याआधी पॉज करायचं, हावभावांवरून वाक्य वहीत लिहायचं, मग पाटी बघायची. ऑस्कर स्ट्रिबोल्टसारखा अगडबंब नट डोळे वटारून दाराकडे बोट दाखवतो, तेव्हा "चालता हो" सोडून दुसरं काय असणार? आज्ञार्थ मी असा शिकले. पंचाईत एकच. खरा हशा जिथे पिकतो तिथे पाटीच नसते. मी हसून मोकळी, वही कोरी.

पुढे 'फ्यू आणि बी' सापडले. १९२१ पासून पॅलेडियम या फिल्म कंपनीने गाजवलेली जोडी: उंच काटकुळा कार्ल शेनस्ट्रोम आणि बुटका हाराल्ड मॅडसन, हा मूळचा सर्कशीतला. नावांचा अर्थ दीपस्तंभ आणि मोटरसायकलची साइडकार! 'बी' हे 'बीवॉउन'चं, म्हणजे साइडकारचं, छोटं रूप. त्यातलं 'वॉउन' म्हणजे गाडी, लिहिताना त्यात 'जी' असतो, हे त्या बुटक्यामुळे आजन्म लक्षात राहील.

लेखी परीक्षेत मात्र फजिती झाली. माझा पेपर लाल शाईने भरून परत आला. प्रत्येक नाम मोठ्या अक्षराने सुरू, 'ऑ'साठी दोन 'ए', 'कुन्ने'त न उच्चारला जाणारा 'डी'. हे सगळं १९४८ च्या शुद्धलेखन सुधारणेत बाद झालं होतं आणि मी पाट्यांवरून इमानाने गिरवत होते. क्लासच्या बाई हसत म्हणाल्या, "तू माझ्या आजीसारखं लिहितेस."

मूकपट सोडलेले नाहीत. परीक्षेची शेवटची पाच मिनिटं फक्त मोठी अक्षरं लहान करायला राखून ठेवते.