ओढ्याकाठची बेवारस पट्टी आणि आमच्या गावाची पायवाट

इंग्लंडच्या मध्यभागातल्या ज्या छोट्या गावात मी बऱ्याच वर्षांपासून राहते, तिथल्या चर्चच्या मागून निघून, ओढा ओलांडून शेजारच्या वाडीला जाणारी एक जुनी पायवाट सरकारी नकाशावर नोंदवून घेण्याचे काम आमच्या गावाने नुकतेच तडीस नेले. अर्जाची सगळी कागदपत्रे माझ्याकडे होती. या कामाचा सर्वांत जास्त वेळ ज्या एका टप्प्यावर गेला, त्याविषयी सरळ भाषेत लिहिलेले मला कुठेही सापडले नाही, आणि तो मनस्ताप अजून पुरता शमलेलाही नाही. म्हणून हे सविस्तर लिहीत आहे.

इथे सार्वजनिक पायवाटांची नोंद ‘डेफिनिटिव्ह मॅप’ या कायदेशीर नकाशावर असते. १९३२ साली किंडर स्काउटच्या खासगी डोंगरावर शेकडो लोकांनी तिथे चालण्याची बंदी मोडून पदयात्रा काढली, पुढे १९४९ चा कायदा झाला आणि त्या कायद्याने हे नकाशे तयार करण्याचे काम कौंटी कौन्सिलांवर, म्हणजे जिल्हा पातळीवरच्या परिषदांवर, सोपवले. त्यांनी ते सर्वेक्षणासाठी गावोगावच्या पॅरिश कौन्सिलांकडे, म्हणजे इथल्या ग्रामपंचायतींकडे, पाठवले. एका गावाने मनापासून पाहणी केली, दुसऱ्याने चार रेघा मारून कागद परत केले, आणि त्यामुळे गावाच्या शिवेवर अचानक संपणाऱ्या पायवाटा आजही अनेक नकाशांवर दिसतात. आमची पायवाट त्यांतलीच होती. आमच्या हद्दीत, ओढ्यापर्यंत, तिची नोंद होती. पलीकडच्या पॅरिशने ती दाखवलीच नव्हती. पलीकडचे शेत विकले गेले, नव्या मालकांनी फाटकाला कुलूप लावून ‘खासगी जागा’ अशी पाटी ठोकली, तेव्हा ही उणीव पहिल्यांदा गावाच्या अंगावर आली.

१९८१ च्या कायद्याप्रमाणे असा नकाशा दुरुस्त करून घेण्यासाठी कोणीही अर्ज करू शकते आणि त्याला शुल्क नाही. सार्वजनिक हक्क दोन मार्गांनी सिद्ध होतो. जुन्या दस्तऐवजांत तो दिसला पाहिजे, किंवा लोकांनी सलग २० वर्षे कोणाची परवानगी न घेता, लपूनछपून नव्हे आणि जबरदस्तीने नव्हे, अशी वहिवाट ठेवलेली असली पाहिजे. ही २० वर्षे हक्काला आडकाठी झाली त्या दिवसापासून, आमच्या बाबतीत कुलूप लागले तेव्हापासून, मागे मोजतात.

वहिवाटीचे जबाब आम्ही गावच्या सभागृहात संध्याकाळी एकत्र बसून भरले. ऐंशी ओलांडलेल्या एका आजीबाईंनी नकाशावर पेन्सिलने वाट काढली आणि ओढ्याशी हात थांबवून सांगितले की, त्या शाळेत जात असत तेव्हा इथे पूल नव्हता, नुसती एक फळी टाकलेली असे आणि पावसाळी दिवसांत मोठी मुले धाकट्यांना हाताला धरून पलीकडे नेत. मी त्यांना ती फळी जबाबात लिहायला लावली, कारण अशा तपशिलाने जबाबाला वजन येते. सर्वांत वयस्कर माणसांचे जबाब सर्वांत आधी, सही आणि तारखेसह घ्या. या कामाला वर्षे लागतात. शेतावर नोकरीला असल्यामुळे त्या वाटेने जाणाऱ्यांची ये-जा परवानगीची धरली जाते, म्हणून तसा उल्लेख स्पष्ट करावा. वाट सुंदर आहे, मुलांसाठी सुरक्षित आहे, कुत्र्यांना फिरवायला सोयीची आहे, हे लिहिण्यात शाई घालवू नये. कायदा फक्त हक्क होता की नव्हता एवढेच पाहतो, आणि त्याच न्यायाने मालकाची ‘आमचा खासगीपणा जातो’ ही तक्रारही तिथे टिकत नाही.

दस्तऐवजांचा शोध मला मनापासून आवडला. १६०४ ते १९१४ या काळात संसदेने ५,२०० हून अधिक कायदे करून इंग्लंडच्या एक पंचमांशाहून थोड्या जास्त जमिनीचे सामायिक स्वरूप संपवले आणि ती कुंपणे घालून वाटून टाकली. नॉटिंगहॅमशरमधल्या लॅक्सटनसारख्या एखाद्याच गावात जुनी खुली शेते अजून कसली जातात. आमच्याकडे त्या काळच्या नांगरटीचे वरंबे तेवढे कुरणांत उरले आहेत आणि तिरप्या उन्हात ते स्पष्ट दिसतात. या वाटणीचे निवाडे कौंटीच्या अभिलेखागारात पाहायला मिळतात आणि त्यांत सार्वजनिक वाटा रुंदीसकट लिहिलेल्या असतात. पायवाटेच्या कामात याहून भक्कम पुरावा क्वचितच मिळतो, म्हणून सुरुवात तिथूनच करा.

आता सर्वांत जास्त वेळ खाणाऱ्या त्या टप्प्याविषयी, म्हणजे ओढ्याकाठच्या बेवारस पट्टीविषयी. अर्ज केल्यावर वाटेखालच्या प्रत्येक जमिनीच्या मालकाला आणि कब्जेदाराला नोटीस द्यावी लागते आणि ती दिल्याचे प्रमाणपत्र कौन्सिलला सादर करावे लागते. हे प्रमाणपत्र पोहोचल्याशिवाय कौन्सिलवर चौकशीची जबाबदारीच येत नाही. शेताच्या मालकांचे नाव लँड रजिस्ट्रीत, म्हणजे जमिनींच्या मालकीच्या सरकारी नोंदणीत, लगेच मिळाले. परंतु ओढ्याच्या पलीकडच्या काठाला, शेताचे कुंपण सुरू होण्याआधी, झुडपांनी भरलेली एक चिंचोळी पट्टी होती आणि तिची नोंद कुठेच नव्हती. विक्री झाल्यावर जमिनीची नोंदणी करणे संपूर्ण इंग्लंड आणि वेल्समध्ये सक्तीचे झाले ते १ डिसेंबर १९९० पासून. त्याआधीपासून विकल्याच न गेलेल्या जमिनी त्यामुळे आजही नोंदीबाहेर राहिलेल्या आढळतात.

मी लँड रजिस्ट्रीचा ‘नोंद नाही’ हा लेखी दाखला घेतला, आसपासच्या सगळ्या शेतकऱ्यांना पत्रे लिहिली, दोन्ही पॅरिशांच्या कारकुनांकडे विचारणा केली आणि गावच्या मासिक पत्रकात निवेदन छापले. पट्टी आपली आहे असे कोणीही म्हटले नाही. ही सारी कागदपत्रे जोडून मी कौन्सिलला कळवले, तर उत्तर आले की, अर्ज अपूर्ण आहे, मालकाचे नाव व पत्ता कळवावा. मी पुन्हा लिहिले. पुन्हा तेच वाक्य, तोच मजकूर, फक्त तारीख बदललेली. फोन केला तर प्रकरण पाहणारे अधिकारी बदलून गेले होते, आणि नव्या बाईंच्या हाती माझी पत्रे पोहोचलीच नव्हती. ज्या जमिनीला मालक सापडत नाही असे आम्ही पुराव्यासह दाखवत होतो, तिच्याच मालकाचा पत्ता हे कार्यालय महिनोन्‌महिने आमच्याकडे मागत राहिले, आणि त्या काळात फाटकाचे कुलूप जसेच्या तसे राहिले. सभागृहात जबाब दिलेली वृद्ध माणसे मला दुकानात भेटून ‘काही कळले का’ असे विचारत, तेव्हा मला फार संताप येई.

तोडगा कायद्यातच लिहिलेला होता. १९८१ च्या कायद्याच्या चौदाव्या परिशिष्टातल्या दुसऱ्या परिच्छेदाचा दुसरा पोटपरिच्छेद सांगतो की, योग्य चौकशी करूनही मालकाचे नाव किंवा पत्ता मिळणे शक्य नाही अशी कौन्सिलची खात्री झाली, तर नोटीस नुसती ‘मालक’ किंवा ‘कब्जेदार’ यांच्या नावे लिहून त्या जागेवर ठळकपणे लावण्याचा निर्देश कौन्सिल देऊ शकते. निर्देश मात्र कौन्सिलनेच द्यायचा असतो, आणि तो मागितल्याशिवाय कोणी आपण होऊन देत नाही. म्हणून मी मोठी पत्रे थांबवली आणि एका पानाचे पत्र केले. त्यात वर त्या पोटपरिच्छेदाचा क्रमांक, खाली कोणाकडे कोणत्या तारखेला चौकशी केली आणि काय उत्तर आले याचा तक्ता, सोबत नोटिशीचा मसुदा आणि ती ज्या खांबावर लावायची त्याचे छायाचित्र, आणि शेवटी एकच मागणी: निर्देश द्यावा, अथवा नाकारण्याची कारणे लेखी द्यावीत. प्रती आमच्या विभागाच्या कौंटी कौन्सिलरांना आणि पॅरिशच्या कारकुनांना पाठवल्या. यानंतर निर्देश आला. नोटीस प्लॅस्टिकमध्ये घालून खांबाला बांधली, तारखेसह छायाचित्रे घेतली आणि प्रमाणपत्र त्याच दिवशी सादर केले.

ही घाई यासाठी की, प्रमाणपत्र मिळाल्यापासून १२ महिन्यांत कौन्सिलने निर्णय दिला नाही, तर अर्जदाराला प्लॅनिंग इन्स्पेक्टोरेट या सरकारी कार्यालयामार्फत मंत्र्यांकडे दाद मागता येते आणि त्यांच्याकडून कौन्सिलला मुदत घालून घेता येते. जुन्या वाटांच्या अर्जांसाठी आधी १ जानेवारी २०२६ ही अखेरची तारीख ठरली होती, पुढे ती २०३१ पर्यंत वाढवली गेली आणि डिसेंबर २०२४ मध्ये ती रद्द करण्याचा सरकारचा मनोदय जाहीर झाला. पण त्या तारखेच्या धास्तीने आलेल्या अर्जांमुळे कौन्सिलांकडे रांगा लांबलेल्या आहेत. रांग मोठी आहे असे सांगितले तरी १२ महिने भरताच दाद मागा. आम्ही मागितली, आणि कौन्सिलला मुदत घालून दिली गेली.

दस्तऐवजांविषयी एक महत्त्वाची गोष्ट सांगायची राहिली. १९१० च्या वित्त कायद्याने जमिनीच्या वाढत्या किमतीवर कर बसवण्यासाठी देशभरातल्या जमिनींचे मूल्यांकन केले गेले, आणि आपल्या शेतातून सार्वजनिक वाट जाते असे मालकाने सांगितले तर त्याला मूल्यात सूट मिळे. त्या पाहणीच्या वह्या लंडनमधल्या क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात आयआर ५८ या मालिकेत आहेत. वाचकपत्र काढावे लागते, आत फक्त पेन्सिल नेता येते, आणि स्वतःच्या कॅमेऱ्याने पाने टिपता येतात. आमच्या शेताच्या पानावर सार्वजनिक वाटेच्या रकान्यात सूट स्वच्छ अक्षरात लिहिलेली होती. म्हणजे शंभर वर्षांपूर्वीच्या मालकाने स्वतःच वाट मान्य केली होती.

वाट नकाशावर घेण्याचा कौन्सिलचा आदेश निघाल्यावर हरकतींसाठी किमान ४२ दिवस असतात. नव्या मालकांनी हरकत घेतली, परंतु त्या वहीचे पान आणि वाटणीचा निवाडा त्यांच्या वकिलांनी पाहिल्यावर ती मागे घेतली गेली. हरकत उरली नाही, की आदेश कायम करण्याचा अधिकार कौन्सिललाच असतो, जाहीर चौकशी लागत नाही. तो कायम झाला, कुलूप निघाले. शेजारच्या पॅरिशच्या नकाशावर शिवेवर तुटलेल्या आणखी दोन वाटा आहेत. त्यांचे जबाब घेण्यासाठी सभागृह राखून ठेवले आहे, आणि या वेळी निर्देशाची मागणी अर्जासोबतच पाठवणार आहोत.