तुम्ही विचारलंत म्हणून: मी मनात कुठल्या भाषेत बोलते?

हा प्रश्न मला वर्षातून दहा-बारा वेळा तरी येतो. मी हायर सेकंडरीला सायकॉलॉजी शिकवते त्यामुळे मुलं विचारणारच, पण लग्नात, जत्रेत, चवथीला पुण्याहून आलेले पाहुणे, सगळ्यांना हेच हवं असतं. "घरात तुमची कोंकणी, वाचता-लिहिता मराठी, शिकवता इंग्लिशमधे, मग विचार कुठल्या भाषेत करता हो?"

पुण्याचा माणूस विचारतो तेव्हा नुसतं कुतूहल असतं. गोव्यातला विचारतो तेव्हा जरा सावध व्हावं लागतं, कारण आमच्याकडे ही तू कुठल्या बाजूची हे काढून घ्यायची युक्ती असते. गोवा महाराष्ट्रात घालायचा की नाही ह्यावरचा १९६७ चा ओपिनियन पोल, कोंकणीला राजभाषा करणारा १९८७ चा कायदा, हे विषय अजून जेवताना निघतात आणि मराठी म्हटलं तर एक काका पानावरून उठतो, कोंकणी म्हटलं तर दुसरा. म्हणून बरीच वर्षं मी "दोन्ही" म्हणून सुटत होते. खोटं नाही ते, पण आळशी उत्तर आहे.

तर नीट सांगते. मुळात बराचसा विचार कुठल्याच भाषेत होत नाही. हे ऐकून लोक माझ्याकडे संशयाने बघतात, कारण प्रत्येकाला वाटतं की आपल्या डोक्यात दिवसभर बडबड चालू असते. अमेरिकेत रसेल हर्लबर्ट म्हणून एक मानसशास्त्रज्ञ आहेत, ते लोकांच्या खिशात एक बीपर देतात, तो दिवसभरात कधीही वाजतो आणि वाजला की त्याच्या आदल्या क्षणी मनात नेमकं काय होतं ते टिपून ठेवायचं. सरासरी पाव वेळा वगैरे मनात शब्द सापडतात, बाकी वेळ चित्रं, भावना, अंगातल्या संवेदना, किंवा नुसतं "कळलेलं" काहीतरी ज्याला शब्द नाहीत. आणि माणसामाणसात फरक केवढा! कुणाच्या मनात सतत बोलणं, कुणाच्या जवळजवळ नाहीच. मी वर्गात मोबाईलचा अलार्म लावून हा खेळ केला तर एका मुलाने लिहिलं, "फिश करीचो वास". फक्त एवढंच. मला ते खूप आवडलं.

आता ह्याच्या अगदी उलट बोलणारा आपलाच माणूस आहे, भर्तृहरी. पंधराशे वर्षांपूर्वीचा वैयाकरण. त्याचं म्हणणं असं की शब्दाने विणल्याशिवाय जगात ज्ञानच नाही, प्रत्येक जाणिवेत शब्द मुरलेला असतो. एवढ्या मोठ्या माणसाला चूक म्हणायची माझी टाप नाही, पण माझ्या काकांनी मला त्याच्याबद्दल शंका घ्यायला लावली.

काकांचा डिचोली बाजारात पसरो होता, किराणा मालाचा. स्ट्रोक आला, उजवा हात गेला आणि बोलणंही गेलं. राहिले दोनच शब्द. एक "तें". काहीही विचारा, "तें... तें...". आणि चिडले की "रांडेच्या!", ते मात्र खणखणीत, आधीपेक्षा स्वच्छ. काकी लाजून कोपऱ्यात, आणि मी सायकॉलॉजीवाली, मला पॅरिसचा तो पेशंट आठवला. पॉल ब्रोका नावाच्या डॉक्टरने १८६१ मधे त्याला तपासलं होतं, तो "टां" एवढंच बोलायचा, इस्पितळात त्याचं नावच टां पडलं होतं, आणि कुणाला आपलं म्हणणं कळलं नाही की रागाने एक शिवी हासडायचा. तो मेल्यावर ब्रोकाने त्याचा मेंदू बघितला तर डाव्या बाजूला पुढे इजा होती. शिव्या, आरत्या, पाढे, वारांची नावं, असल्या पाठ झालेल्या गोष्टी अशा पेशंटकडे बऱ्याचदा टिकतात, पण "साखर संपली" एवढं साधं वाक्य जमत नाही.

पण खरी गंमत पुढेच. दोन महिन्यांनी काका हट्टाने गल्ल्यावर बसायला लागले. शेजारीण आली, १३७ रुपयांचं सामान, पाचशेची नोट. डाव्या हाताने, न बोलता, ३६३ मोजून दिले. साखरेला साखर म्हणता येत नव्हतं त्या माणसाला! मी हे बघून रात्री झोपले नाही. नंतर वाचलं की इंग्लंडमधे रोझमेरी व्हार्ली आणि त्यांच्या टीमने २००५ मधे अशाच तिघांचा अभ्यास छापला होता, सिंहाने माणसाला मारलं की माणसाने सिंहाला हे त्यांना वाक्यावरून कळत नव्हतं, पण ५९ मधून १३ आणि १३ मधून ५९ ह्यातला फरक बरोबर कळत होता, कंससुद्धा जमत होते. म्हणजे विचार शाबूत आणि वाक्य गायब. भर्तृहरीला काकांच्या गल्ल्यावर आणून बसवायला हवं होतं असं मला फार वाटतं.

मग मनात भाषा येते कधी? इथे मला रशियाचा मानसशास्त्रज्ञ विगोत्स्की पटतो, तो १९३४ मधे क्षयाने गेला, चाळिशीही गाठली नाही. तो म्हणायचा की मूल आधी दुसऱ्याशी बोलतं, मग खेळताना मोठ्याने स्वतःशीच बोलतं, आणि मग ते बोलणं हळूहळू आत जातं, तुटक होतं. म्हणजे मनातलं बोलणं हे मुळात कुणाशी तरी बोलणंच आहे, फक्त समोरचा माणूस आत येऊन बसलाय. एवढं धरलं की तुमच्या प्रश्नाचं उत्तर मिळतं. मनात कुठली भाषा हे मनात समोर कोण बसलंय त्यावर ठरतं.

माझंच बघा. आईशी भांडण मनात चालतं ते कोंकणीत, ती जाऊन नऊ वर्षं झाली तरी. बँकेत काय बोलायचं त्याची तालीम इंग्लिशमधे. हिशेब मराठीत, कारण पाढे मास्तरांनी मराठीत घोकून घेतले, तेरा साती एक्याण्णव, दुसऱ्या भाषेत मला तेरा साती येतच नाही. फोन नंबर इंग्लिशमधे. देवाचं तर दोन भागात आहे, आरती मराठी आणि गाऱ्हाणं आमच्या बोलीत, म्हणजे स्तुती करताना देव लांबचा आणि मागताना घरचा.

आणि शरीराचं काय म्हणाल तर तेही भाषा ओळखतं. कॅथरीन हॅरिस आणि सहकाऱ्यांनी २००३ मधे तुर्की मातृभाषेच्या, इंग्लिश नंतर शिकलेल्या लोकांच्या बोटांना तारा लावून घामाने त्वचेतली वीज किती बदलते ते मोजलं. लहानपणी आईबाप ओरडतात तसली वाक्यं तुर्कीत ऐकवली की काटा जास्त हलायचा, तोच ओरडा इंग्लिशमधे तेवढा लागायचा नाही. मला हे मोजून दाखवायची गरज नव्हती. कॉलेजात कुणी मला "शेम ऑन यू" म्हटलं तर मी हसेन, पण "तुका लज दिसना?" असं कुणी मागून म्हटलं तर ह्या वयात माझे कान गरम होतात.

ह्याच्यावर गोव्याची एक जुनी गोष्ट आहे, आबे फारियाची. पणजीत जुन्या सेक्रेटरिएटच्या बाजूला तो पुतळा आहे ना, हात पसरलेला पाद्री आणि समोर कोसळणारी बाई, टुरिस्ट लोक फोटो काढतात आणि काय चाललंय ते कुणालाच कळत नाही, तोच. १७५६ मधे कांदोळीला जन्मला, पोर्तुगालला गेला, शेवटी पॅरिसला संमोहन दाखवायला लागला. त्याच्या आधी मेस्मर नावाचा डॉक्टर सांगायचा की अंगातून एक अदृश्य चुंबकी द्रव वाहतो. फारिया म्हणाला, द्रव नाही आणि माझ्या हातात जादूही नाही, झोप लागते ती झोपणाऱ्याच्या मनामुळे, शब्द फक्त निमित्त. १८१९ मधे तो गेला.

तर गोष्ट अशी सांगतात की तरुणपणी पोर्तुगालच्या राणीच्या चॅपेलमधे प्रवचन द्यायला उभा राहिला आणि एवढे मोठे लोक बघून त्याची बोबडी वळली. खाली बसलेला बाप हळूच कोंकणीत म्हणाला, "ही सगळी भाजी, कातर रे भाजी!" आणि जीभ सुटली. दंतकथा म्हणा हवं तर. पण मला त्यात एवढंच दिसतं की पोर्तुगीजमधे अडकलेला माणूस सुटला तो घरच्या चार शब्दांनी, आणि त्याच माणसाने पुढे फ्रेंच लोकांना "दोर्मे", म्हणजे झोपा, एवढंच सांगून झोपवलं.

काकांचं राहिलं. त्यांना स्पीच थेरपीला न्यायचो तिथे चित्रांची कार्डं दाखवून हिंदीत नावं विचारायचे, सेब, चश्मा, हवाई जहाज. काका "तें" पण म्हणत नसत, भिंतीकडे बघत. ती मुलगी चांगली होती बिचारी, पण तिच्याकडे तेवढंच होतं. अशा वेळी कुठली भाषा टिकते ह्यावरही जुने संशोधक भांडलेत, रिबो म्हणायचा सगळ्यात आधी शिकलेली भाषा टिकते, पित्र १८९५ मधे म्हणाला की नाही, आजारापूर्वी रोज वापरात असलेली आधी परत येते. काकांच्या बाबतीत दोन्ही एकच, त्यामुळे माझं काम सोपं झालं. मी पुठ्ठ्यावर कार्डं केली: बांगडो, उंडो, कोयतो, काजू, तराजू. पाचव्या की सहाव्या दिवशी उंड्याचं, म्हणजे पावाचं, चित्र बघून म्हणाले, "पोदेर". चूकच म्हणायची, पोदेर पाव विकतो, पाव नव्हे तो. मी रडले आणि काकी चहा करायला आत गेली.

तर हे सगळं लिहिताना माझ्या मनात मराठी होतं, कारण समोर तुम्ही होता. मधेच गॅसवर दूध उतू गेलं तेव्हा मी जे बोलले ते मराठी नव्हतं, आणि काकांच्या तोंडी शोभलं असतं.