चौथ्या संगणकावरची डीएलएल

पुण्यात पुस्तकांची अक्षरजुळणी करणाऱ्या एका कार्यालयाचे संगणक आमच्या देखभालीखाली आहेत. तेथे नवा अँटिव्हायरस बसवल्यावर त्याने चारही संगणकांवरील एकाच नावाच्या डीएलएल फाइलीवर (अनेक प्रोग्रामांना वापरता येणारी आज्ञावलीची फाइल) ‘कीलॉगर असण्याची शक्यता’ असा शेरा मारला (कीलॉगर म्हणजे दाबलेल्या कळा चोरून टिपणारा प्रोग्राम), आणि अशा सर्व अनोळखी फाइलींची ‘सुरक्षित’ व ‘धोकादायक’ या दोन रकान्यांत विभागणी करून द्यावी, असे वरिष्ठांनी मला सांगितले.

सहकाऱ्याने केलेली कच्ची यादी आधी निस्तरावी लागली. ‘प्रॉपर्टीज’मध्ये डिजिटल स्वाक्षरीचा (फाइल कोणाची आहे व ती नंतर बदललेली नाही, हे दाखवणाऱ्या खुणेचा) टॅब दिसत नाही, एवढ्यावरून त्याने विंडोजच्या स्वतःच्या कित्येक फाइली, अगदी मराठी कीबोर्डची केबीडीइनमार डॉट डीएलएलसुद्धा, संशयित ठरवली होती. विंडोजच्या पुष्कळ फाइलींची स्वाक्षरी फाइलीत नसून वेगळ्या कॅटलॉगमध्ये असते आणि सिगचेक हे स्वाक्षरी तपासणारे साधन ती तेथून पडताळून देते. एवढे न पाहता विंडोजच्या सिस्टिम३२ या मुख्य फोल्डरमधील फाइली काढून टाकण्याची शिफारस करणे हा निव्वळ निष्काळजीपणा आहे, आणि आमच्या क्षेत्रात तो सर्रास चालतो.

शेरा मिळालेल्या फाइलीला मात्र खरोखरच स्वाक्षरी नव्हती. कंपनीचे नाव किंवा आवृत्तीची नोंदही नव्हती. प्रोसेस एक्सप्लोररमध्ये (चालू प्रोग्रामांत कोणत्या फाइली आहेत ते दाखवणाऱ्या साधनात) शोधल्यावर ती पाने जुळवण्याच्या पेजमेकर या प्रोग्राममध्येच नव्हे, तर खिडकी असलेल्या जवळजवळ प्रत्येक ३२-बिट प्रोग्राममध्ये शिरलेली दिसली. इम्पोर्टच्या तक्त्यात (फाइल विंडोजकडून कोणती फंक्शने मागते त्या यादीत) सेटविंडोजहुकएक्स होते, म्हणजे दाबलेली कळ आधी या फाइलीच्या हातून जाऊ शकत होती. कीलॉगर हेच करतो. पण युनिकोडपूर्व (सर्व लिप्यांच्या अक्षरांना एकच ठरलेला सांकेतांक देणारी पद्धत येण्यापूर्वीच्या) पद्धतीची मराठी टंकलेखन प्रणालीही हेच करते, कारण २००१ मध्ये शेवटची मुख्य आवृत्ती निघालेल्या पेजमेकरला युनिकोड कळत नाही आणि कळ अडवून तिच्या जागी फाँटमधील आकारांचे सांकेतांक पाठवावे लागतात. फाइलीतील तक्ता उघडल्यावर ते डोळ्यांसमोर आले: ‘ग’च्या कळीपुढे दोन बाइट होते, एक अर्ध्या ‘ग’चा आणि एक त्याच्या उभ्या दंडाचा. इंटरनेटवर काही पाठवणारी फंक्शने इम्पोर्टमध्ये नव्हती. अर्थात ती ऐन वेळीही मिळवता येतात, म्हणून केवळ त्या भरवशावर मी कोणत्याही फाइलीला निर्दोष म्हणत नाही.

सुदैवाने कपाटात त्या टंकलेखन प्रणालीची मूळ सीडी सापडली. तीन जुन्या संगणकांवरील फाइलींचा एसएचए-२५६ हॅश (फाइलीच्या मजकुरावरून काढलेला, बोटाच्या ठशासारखा आकडा) तिच्यावरील फाइलीशी तंतोतंत जुळला. चौथ्याचा जुळला नाही. बाइटमागून बाइट ताडून पाहिले, तर फरक फक्त दोन ठिकाणी होता. एका जागी ७४ चे ईबी केले होते, म्हणजे अटीवर घ्यायची उडी बिनशर्त झाली होती. ती अट प्रिंटर पोर्टला लावायच्या डाँगलची (प्रणाली विकत घेतल्याची खूण म्हणून जोडायच्या छोट्या उपकरणाची) होती, आणि या नव्या संगणकाला तो पोर्टच नाही. दुसरा फरक तक्त्यात होता: एका मोकळ्या कळीला ‘दुसऱ्या’मधला अर्धा ‘ऱ’ जोडलेला होता. बदल करणाऱ्याला यंत्रभाषा येत होती आणि मराठी अक्षरजुळणीतली अडचणही ठाऊक होती.

“मशीन बदललं तेव्हापासून ते असंच आहे, साहेब,” त्या संगणकावर बसणारे काका म्हणाले. “फाइल काढू नका, माझी पानं अडतील.” कोणी केले, ते त्यांना आठवत नाही. मालकांनी प्रणाली रीतसर विकत घेतल्याची पावती दाखवली. ती विकणारी कंपनी केव्हाच बंद पडली आहे.

मी तिसरा रकाना काढून त्यात लिहिले, ‘मूळ फाइलीत अनधिकृत बदल; दोन्ही बदलांचा अर्थ लागला; बदल करणारा अज्ञात.’ वरिष्ठांनी तो रकाना काढून फाइल ‘सुरक्षित’मध्ये टाकली. मला ते पटलेले नाही. फाइल काय करते आणि ती कोणाच्या हातून आली, हे दोन वेगळे प्रश्न आहेत, आणि त्यांतल्या एकाचेच उत्तर माझ्याकडे आहे. तूर्त तो संगणक इंटरनेटपासून तोडला आहे, आणि अँटिव्हायरसमधील सवलत फाइलीच्या नावाला न देता तिच्या हॅशला दिली आहे, म्हणजे यापुढे त्यातला एक बाइट जरी बदलला, तरी शेरा पुन्हा उमटेल.