सात हजार फेरे

रविवार, रात्री उशिरा

सेकंदाला दोन फेरे. मूकपटाच्या प्रोजेक्टरचं हँडल हाताने फिरवणाऱ्या ऑपरेटरचा हिशेब साधारण असा : एका फेऱ्याला आठ चित्रं, सेकंदाला सोळा, म्हणजे फूटभर फिल्म. १९१३चा ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे ३७०० फुटांचा. म्हणजे एका खेळाला सात हजारांवर फेरे! एवढं दळण दळताना माणसाचं लक्ष उडणार नाही तर काय होणार?

आणि उडालं की लपत नसे. शेवटचा खेळ, पोटात कावळे, हात जरा भरभर चालला की अंत्ययात्रा वरातीपेक्षा जोरात पळणार. डुलकी लागली की घोडा हवेत तरंगणार. भिंगातून चित्र उलटं होतं म्हणून फिल्म डोकं खाली करून घालायची. घाईत सुलटी घातली की राजेसाहेब छताला लटकलेले. चौकट सरकली तर वर पाय, खाली मुकुट. फिल्मची बाजूच फिरली तर पाट्यांवरची अक्षरं डावी-उजवी, आणि त्या मोठ्याने वाचून दाखवणाऱ्याची पंचाईत. नट बिचारा शूटिंग आटपून कधीच घरी गेलेला. त्याची लाज या मनगटाच्या हाती.

हसू एका जागी मात्र थांबतं. ती नायट्रेटची फिल्म प्रोजेक्टरमधल्या आर्कच्या प्रखर दिव्यापुढे क्षणभर अडकली तरी पेट घेई, आणि पेटली की पाण्यातसुद्धा विझत नसे.

आमच्या बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या घरी आज हाच खेळ छोट्या प्रमाणावर झाला. काकांनी जुन्या बाजारातून हाताने फिरवायचा खेळण्यातला प्रोजेक्टर आणलाय. (फाळके इथल्याच कलाभवनात फोटोग्राफी शिकले, हे त्यांनी दुकानदाराला सांगितलं म्हणे. भाव काही उतरला नाही.) हँडलवर भाचा, त्याच्या शेजारी भाकरवडीची बशी. उजवा हात हँडलवर, डावा बशीत. दर घासाला भिंतीवरचा सायकलवाला दचकून थबके, गिळून झालं की सुसाट. मधेच हात उलटा फिरला आणि सायकलवाला पाठमोरा न होता मागे निघाला. सगळ्यांत मोठा हशा त्यालाच.

काका म्हणाले, “फ्रान्सच्या सिनेमावाल्या ल्युमिएर यांनी १८९६मध्ये हेच मुद्दाम केलं होतं. भिंत पाडल्याची फिल्म उलटी फिरवली, भिंत पुन्हा उभी!”

काकूने रिकाम्या बशीकडे पाहिलं. “मग फिरव रे अजून थोडं उलटं. निम्म्या तरी डब्यात परत येऊ देत.”